सव्वाचार मीटरचा सूट

रायपूर राजधानी झालं आणि आमच्या पाऱ्यात, म्हणजे मोहल्ल्यात, भोपाळहून बदलून आलेल्या लोकांची घरं वाढली. त्यांच्या बायका सलवार-कुर्ता घालत. आईलाही तसा एक सूट शिवावासा वाटला. सदर बाजारातून तिनं चार मीटर फुलाफुलांचं कापड आणलं, घरी टेप लावून पुन्हा मोजलं आणि मग पाऱ्यातल्या शिलाईवाल्या दीदीकडे दिलं. दुकानदारावर विश्वास नाही, शिवणारीवर तर मुळीच नाही, असा आमच्या घराचा स्वभाव. माझ्यात तो पुरेपूर उतरलाय.

सूट तयार झाला तेव्हा मी शाळेतून परस्पर, दप्तरासकट आईबरोबर गेले. उरलेले तुकडे, म्हणजे कतरन, परत मागायचा आईचा नेमच होता.

"कतरन कहाँ भाभी, कपड़ा ही कम पड़ गया. सवा चार लगता है," दीदी म्हणाली.

"चार मीटर कमी पडलं? काहून? मी का हत्तीण आहो?" आई माझ्याकडे बघत म्हणाली.

दीदीच्या चोपडीत लिहिलं होतं: सलवार २ १/२, कुर्ता १ ३/४. मी सहावीत, हिंदी शाळेत. मिश्र अपूर्णांकांची बेरीज त्याच आठवड्यात सुरू झाली होती. मला चेव आला. दप्तरातली वही काढून मी पूर्णांकात पूर्णांक मिळवला, वरच्या आकड्यात वरचा, खालच्यात खालचा, आणि आलेल्या चार छेद सहाचे दोन छेद तीन केले.

"तीन सही दो बटा तीन!" मी मोठ्यानं वाचलं. तीन पूर्णांक दोन तृतीयांश. म्हणजे चारातून मीटरचा तिसरा हिस्सा उरायलाच हवा होता.

ब्लाउज घ्यायला आलेल्या दोन बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. दीदीची शाळा लहानपणीच सुटलेली. ती माझ्या वहीकडे बघत राहिली. चोर पकडल्याचा मला कोण आनंद झाला होता!

घरी येऊन मी बाबांना ऐटीत गणित सांगितलं. ते चहा पीत होते.

"म्हणजे अडीच न् पावणेदोन. सव्वाचार होते ना पोट्टे," ते म्हणाले.

वहीतलं २ १/२ म्हणजेच घरातलं अडीच, हे माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. आईच्या तरी डोक्यात यायला हवं होतं. तोंडी हिशेबात ती कुणाला ऐकत नसे. पण त्या दिवशी तिला माझी वही सोयीची वाटली.

मी सलवार उलटी केली. नाडी ओवायचा नेफा पांढऱ्या कापडाचा होता. कमी पडलेलं दीदीनं स्वतःच्या पदरचं लावून भागवलं होतं. मला रडू आलं. आई म्हणाली, "चूप. कोणाले सांगू नको."

दीदीचाच हिशेब बरोबर होता, हे सांगायला हवं होतं. त्या दोन बायकांनी मात्र दीदी कापड मारते असं सगळ्या पाऱ्याला सांगितलं होतं.

पुढं दीदीकडे शिवायला टाकलेला माझा फ्रॉक आणायला गेले, तर तिनं त्याच्याबरोबर एक गाठ मारलेली पिशवी दिली. आत फ्रॉकच्या कापडाचे बोटाएवढे तुकडे, काजाजवळचे धागेसुद्धा.

"गिन लो बेटा," दीदी म्हणाली. "तुमको तो आता है."