कुसुमोतोंच्या घरची चौकशी

क्योतोच्या उझुमासा भागात, सिनेमाच्या कंपन्यांना लागून असलेल्या एका गल्लीच्या तोंडाशी ताने-सानचं तंबाखूचं दुकान होतं. दुकान कसलं, घराच्या दर्शनी भिंतीत एक काचेची खिडकी, खिडकीमागे उशी आणि उशीवर ताने-सान. नवरा गेल्यापासून बाई त्या उशीवरून उठायची ती जेवायला आणि आंघोळीला. गल्लीत शिरणाऱ्याला तिच्या नजरेखालून गेल्यावाचून गत्यंतर नव्हतं.

आणि त्या नजरेचा कुणावर म्हणून विश्वास नव्हता. टोफूवालीच्या सोयाबीनवर नाही, देवळातल्या भिक्षूंच्या उपासावर नाही, रेडिओवरच्या हवामानावर तर मुळीच नाही. शंका आली की ती मान वाकडी करायची, डाव्या कानाची पाळी ओढायची आणि दातांतून वारा आत घ्यायची. मग समजावं, कुणाचं तरी वजन होतंय.

सगळ्यांत जास्त वजन तिनं केलं ते कुसुमोतो तोकुजीचं. हा गल्लीच्या शेवटच्या घरात राहायचा. सिनेमातला नट. आता नट म्हटलं की डोळ्यांपुढे मोटारीतून उतरणारा कुणी गोरागोमटा येतो. हा तसल्यांतला नव्हे. तांगोच्या किनाऱ्यावर मासळी वाळवणाऱ्या घरात जन्मला आणि मिसरूड फुटायच्या आत फिरत्या नाटकवाल्यांबरोबर पळून गेला. मान लांब, खांदे उतरते, म्हणून मालकानं त्याला बायकांची सोंगं दिली. पुढे मान जाड झाली, सोंगं गेली, तेव्हा तो उझुमासाला येऊन सिनेमात शिरला. सिनेमा मुका होता तोवर बरं चाललं. तो बोलायला लागला आणि याची पंचाईत झाली, कारण सामुराईच्या वेशात उभा राहून यानं तोंड उघडलं की आतून तांगोचा कोळी बोलायचा. दिग्दर्शकासकट सगळे पोट धरून हसायचे.

मग कुणीतरी म्हणालं, याला बोलायला लावूच नका, नुसतं बघू दे. झालं, नशीब उघडलं. तेव्हापासून कुसुमोतो पडद्याआडून बघणारा हेर झाला, दाराच्या फटीला डोळा लावणारा चुगलखोर झाला, धन्याच्या चहात विष कालवणारा कारभारी झाला. सिनेमाच्या मध्यावर कुणीतरी त्याला कापून टाकी आणि लोक सुस्कारा सोडत. जाहिरातीवर त्याचं नाव असायचं, फक्त ते वाचायला भिंग लागायचं.

बायको लढाई संपल्यानंतरच्या हिवाळ्यात गेली. मागे एक मुलगी, हात्सुए.

ताने-सानचं म्हणणं, एवढं हुबेहूब वाईट वागता येतं ते पोटात असल्याशिवाय नाही. त्यात या माणसाला एक खोड. तो लोकांच्या मागून चालायचा. एकदा तिनं डोळ्यांनी पाहिलं, छत्र्या दुरुस्त करणारा लंगडा म्हातारा पुढे आणि हा दहा पावलं मागे, त्याच्यासारखाच लंगडत, थेट ट्रामच्या थांब्यापर्यंत.

"सिनेमासाठी शिकतात ते," टोफूवाली ओकोमे म्हणाली.

"शिकतो की चोरतो?"

"चालणं काय कुणी चोरतं, ताने-सान?"

"आज चालणं, उद्या चप्पल."

आणखी एक जखम होती. एका थंडीत खिडकीशी एक म्हातारा भिक्षू उभा राहिला, गालफडं बसलेली, हातात वाडगा. ताने-साननं आपल्या जेवणातली मोची, तांदळाची चिकट वडी, त्याच्या वाडग्यात घातली आणि खाली वाकून नमस्कार केला. भिक्षूनं गंभीरपणे आशीर्वाद दिला, मोची खाल्ली आणि मग कुसुमोतोच्या आवाजात एक सिगारेटचं पाकीट मागितलं. चित्रीकरण मध्येच थांबलं होतं म्हणून तो रंग न पुसता आला होता. गल्ली आठवडाभर हसली. ताने-साननं त्या दिवशी कानाला खडा लावला, पुन्हा या माणसाच्या सोंगाला फसायचं नाही.

हात्सुए लग्नाची झाली. गुणी पोर, कापडाच्या दुकानात शिवणकाम करायची. दोन स्थळं आली आणि दोन्ही मोडली. स्थळ आलं की मुलाकडचं माणूस गल्लीत येऊन गुपचूप चौकशी करतं, आणि तंबाखूची खिडकी सोडून कुणी पुढे जात नाही, ही रीतच. दोन्ही वेळेला ते ताने-सानशी बोलून गेले होते. त्यामुळे गल्लीनं काय समजायचं ते समजून घेतलं.

"मी वाईट एक शब्द बोलले नाही," ताने-सान म्हणायची.

"चांगला बोललात का?" ओकोमेनं एकदा विचारलंच.

"मी म्हटलं, मला काय माहीत."

"आणि कान ओढलात."

खरं सांगायचं तर कान ओढला होता की नाही ते ताने-सानला आठवत नव्हतं.

तिसरं स्थळ आलं ओत्सूचं, लोणच्यांचे व्यापारी. मुलगा हात्सुएला आवडला होता, हे गल्लीतल्या मांजरांनासुद्धा कळलं होतं. पोर चोविशीची झालेली. हेही मोडलं तर पुढे कुणी येणार नाही, असं बायका नळावर दबक्या आवाजात बोलायच्या आणि बोलताना तंबाखूच्या खिडकीकडे बघायच्या.

नेमका त्याच सुमाराला कुसुमोतोचा नवा सिनेमा लागला. ओकोमे ताने-सानला बळेच घेऊन गेली. सिनेमात डोंगरातल्या घाटात एक चहाची टपरी होती. टपरीचा म्हातारा मालक म्हणजे कुसुमोतो. नायक जीव वाचवायला पळत आला, पाणी मागू लागला. म्हाताऱ्यानं मान वाकडी केली, डाव्या कानाची पाळी ओढली आणि दातांतून वारा आत घेतला.

थिएटरमध्ये आधी शांतता. मग मागून कुणीतरी म्हणालं, "ताने-सान." आणि सगळं थिएटर हशानं दणाणलं. वर हा म्हातारा नायकाला शिपायांच्या हाती देतो आणि तलवारीनं मरतो तो कान धरूनच.

घराच्या दारात पोचल्यावर ताने-सान म्हणाली, "बघितलंत? चोर आहे चोर."

दोनच दिवसांनी, दुपार कलताना, खिडकीशी एक म्हातारा आला. डोक्यावर टोपी, डोळ्यांवर जाड चष्मा आणि तोंडाला पांढऱ्या कापडाचा मास्क, सर्दी झाल्यासारखा. दिसत होते ते फक्त डोळे. त्यानं काड्यापेटी घेतली आणि तिथेच घुटमळला.

"आजी, या गल्लीत कुसुमोतो म्हणून कुणी राहतात ना? माणूस कसा आहे?"

ताने-साननं त्याला खालून वर न्याहाळलं. उंची तेवढीच. पाठीला पोक, पण पोक काय आणता येतं. बोलणं ओत्सूकडचं, पण तेही शिकता येतं. तोंड झाकून कोण येतं? ज्याला तोंड लपवायचं आहे तो. आणि डोळे बघा कसे, नुसते बघतायत. तिच्या डोक्यात उजेड पडला. हा कुसुमोतोच. सिनेमात माझी टर उडवली, आता मी रागानं पोरीचं वाटोळं करते की काय ते बघायला सोंग घेऊन आलाय.

"पुरे झालं, कुसुमोतो-सान," ती म्हणाली.

म्हातारा दचकला. "काय म्हणालात?"

"दचकतायसुद्धा छान. एकदा मोची खाऊन गेलात, दुसऱ्यांदा नाही फसायची मी. माझी परीक्षा घ्यायला आलात? लाज नाही वाटत? लंगड्याचं लंगडणं घेतलंत, माझा कान घेतलात, एवढ्या लोकांत मला फितूर केलंत. आणि मी? मी तुमचं काय वाकडं केलं? तुमची बायको छातीच्या दुखण्यानं खोकून खोकून गेली, तेव्हा गल्लीला दुखण्याचं नाव कळू दिलं नाहीत. तिच्या थुंकीची भांडी तुम्ही एकटे उकळायचात, हात सोलून निघाले होते. पोरीला तिच्या खोलीत पाऊल टाकू दिलं नाहीत. पोर कुठे झोपली सगळा हिवाळा? या माझ्या उशीवर. आईसाठी रडायची आणि मी थोपटायची. दर वर्षी तिला दवाखान्यात नेऊन छातीचा फोटो काढता, खिडकीवरूनच जाता ना, मला दिसत नाही? एवढं सगळं पोटात ठेवून बसले मी. कुणाला बोलले? आणि माझ्याकडेच हेरगिरी?"

म्हातारा चष्मा काढून पुसायला लागला.

तेवढ्यात त्याच्या मागून कुणीतरी म्हणालं, "ताने-सान, एक पाकीट."

खांद्यावर ओला पंचा, काखेत लाकडी घंगाळ, सार्वजनिक न्हाणीघरातून आलेला लालबुंद कुसुमोतो तिथे उभा होता. ताने-साननं एकदा याच्याकडे पाहिलं, एकदा त्याच्याकडे. मग तिनं पाकीट पुढे केलं. कुसुमोतोनं पाकीट घेतलं, अनोळखी पाहुण्याला वाकून नमस्कार केला आणि तो गल्लीत निघून गेला. ऐकलं होतं की नाही, त्याच्या चेहऱ्यावरून कळायला मार्ग नव्हता. तो तर धंदाच होता त्याचा.

पाहुण्यानं मास्क खाली ओढून नाक पुसलं. चांगली दाट, खरीखुरी मिशी होती.

"बाईंना क्षय होता तर," तो म्हणाला.

क्षयाचं नाव निघालं की भलीभली स्थळं मागच्या दारानं पळतात. ताने-सानला खोटं बोलायचं होतं, पण खोटं जुळवायला वेळच मिळाला नाही. पाहुण्यानं टोपी काढून नमस्कार केला आणि तो ट्रामच्या दिशेनं गेला.

त्यानंतर ताने-सानला घास गोड लागेना. "कोण आला होता हो तो?" ओकोमेनं विचारलं, तर "वाट चुकलेला" म्हणून तिनं उडवून लावलं. एका सकाळी ती चक्क उशीवरून उठली आणि गल्लीच्या शेवटच्या घरी गेली. हात्सुएनं दार उघडलं. ती इतकी हसून "या ना, मावशी" म्हणाली, की ताने-सानला काही सांगवेना. "वारा आहे, गळा झाकत जा," एवढंच बोलून ती परत फिरली. वाटेत भेटलेला प्रत्येक जण आपल्याला ओळखून आहे, असं तिला वाटत राहिलं.

आठवडा उलटला आणि कुसुमोतो खिडकीशी आला. हातात लाखेचा डबा, डब्यात चवळी घालून केलेला शुभकार्याचा लाल भात.

"ठरलं, ताने-सान."

"काय ठरलं?" तिनं डब्याला हात लावला नाही. "आणि कसं ठरेल? त्या माणसाला मी सगळं..."

"ऐकलं मी. कोपऱ्यावरच होतो."

"मग?"

"त्यांना आधीच ठाऊक होतं. बायकोच्या आजाराचं मी पहिल्याच भेटीत सांगितलं होतं. मागच्या दोन ठिकाणीही सांगितलं, म्हणून तर ती मोडली."

"मग हा म्हातारा काय विचारायला आला होता?"

"मुलाचा मामा तो. मुलीला आजारापासून दूर ठेवलं होतं, असं मी म्हणालो होतो. पण म्हणणारा पडला नट. नटाचं खरं कोण धरतं? आधी बाजारात विचारलं तर जो तो माझी स्तुती करायला लागला, त्यानं त्यांचा संशय आणखी वाढला. शेवटी एका आजीनं, ते म्हणजे मीच असं समजून, त्यांना झाडलं, तेव्हा त्यांची खात्री पटली."

"म्हणजे ती दोन स्थळं माझ्यामुळे मोडली नव्हती. आणि गल्ली माझ्याकडे बघत होती ते तुम्हाला दिसत होतं."

"दिसत होतं."

"मग सांगितलं का नाही लोकांना?"

कुसुमोतोनं खाली पाहिलं. "बायकोचं दुखणं दारोदार वाटत फिरू का, ताने-सान?"

तिनं डबा घेतला.

दुसऱ्या दिवशी ओकोमे आली तेव्हा ताने-सान डबा धुऊन पुसत होती. रिकामा परत करायचा नाही म्हणून तिनं आत नव्या काड्यापेट्या रचल्या.

"कसा होता भात?"

"मला शंकाच होती," ताने-सान म्हणाली. "लाल चवळीचे दाणे सगळे फुटलेले. लग्नाच्या भातात फुटका दाणा चालतो होय? मुलीनं केला असेल तर तिला येत नाही, आणि बापानं केला असेल तर तिला शिकवणार कोण?"

"मग आता?"

ताने-साननं काचेची खिडकी ओढून घेतली, डबा काखेत मारला आणि घरातली मूठभर चवळी रुमालात बांधून ती गल्लीच्या शेवटच्या घराकडे निघाली.