चेहऱ्यावरचा वाडगा

मधुमती टिपणीसच्या हाताखालून गेलेली बशी मुळात कुठं फुटली होती, ते खुद्द मालकालाही सांगता यायचं नाही. ब्रिस्टलला घरामागच्या शेडमध्ये बसून ती लोकांची फुटकी चिनी मातीची भांडी, फुलदाण्या, बाहुल्या सांधून द्यायची. मी वीणा, तिची शेजारीण. कप विसळताना त्याचा कान मोडायची मला खोड, आणि त्यावरच आपली मैत्री टिकलीय असं ती म्हणायची. बोलायला फटकळ, हसायला मोकळी बाई. एका विषयावर मात्र तिच्या तोंडून शब्द निघायचा नाही.

१९७३ साली, लग्न होऊन इथं आल्यावर पहिल्याच बाळंतपणात तिला मुलगी झाली ती गेलेलीच. हिला गुंगीचं औषध दिलेलं. शुद्धीवर आली तेव्हा मूल तिथं नव्हतं. त्या काळी इथल्या हॉस्पिटलांची ती रीतच होती. आईला दाखवायचं नाही, 'वी विल सी टू एव्हरीथिंग', आम्ही बघतो सगळं, म्हणायचं आणि घरी पाठवून द्यायचं. बाळ कुठं नेलं, काय केलं, काही सांगितलं नाही. परक्या देशात नुकत्याच आलेल्या पोरीनं विचारावं तरी कुणाला? मला त्या लोकांचा अजून संताप येतो.

पुढं मुलगा झाला, समर; तो शिकला, क्रॉयडनला नोकरीला लागला. त्या मुलीबद्दल मधुमती माझ्याशी एकदाच बोलली. "ह्यांनी पाहिलं असेल गं तिला. हे बाहेर पॅसेजमध्येच होते ना. विचारीन कधीतरी, कशी दिसत होती ते." पण विचारायला ती धजली नाही. चेहरा नवऱ्याजवळ सुखरूप आहे, एवढ्या आधारावर तिनं तीस-बत्तीस वर्षं काढली.

२००५च्या हिवाळ्यात जवळच्या बाथ गावचे एक पेन्शनर गृहस्थ तिच्याकडे वाडगा घेऊन आले. जुन्या वस्तू जमवण्याचा त्यांना नाद. वाडगा ओंजळीत मावेल एवढासा, आत पांढऱ्यावर काळ्या रेघांनी काढलेला ससा, आणि सशाच्या पोटातच आरपार भोक. अमेरिकेत न्यू मेक्सिकोमध्ये मिंब्रेस नावाची नदी आहे, तिच्या खोऱ्यातला, जवळजवळ हजार वर्षांपूर्वीचा. भोक बुजवून वरून असा रंग द्यायचा की कळता कामा नये, एवढंच काम होतं.

कामाला हात घालण्याआधी वस्तूची माहिती काढायची तिची पद्धत. तिनं लायब्ररीतून पुस्तकं मागवली आणि बाई त्यात बुडालीच. मी आपली मेथी निवडत बसावं आणि हिनं मला मिंब्रेस ऐकवावं. ती नदी म्हणे समुद्राला मिळतच नाही, वाळवंटात जिरून जाते. तिथले लोक आधी जमिनीत खड्डा करून वर छप्पर घालून राहायचे, मग दगडमातीच्या, एकीला एक लागून खोल्या बांधायला लागले. "आपली इथली एव्हन नदी कुठून निघते ते तरी माहितीये का तुला?" मी चिडवायची. तिला ते माहीत नव्हतं आणि त्याची लाजही नव्हती.

एका दुपारी तिनं मला हाक मारली. गेले तर वाडगा पुढ्यात, पुस्तक मांडीवर उघडं आणि डोळे लाल.

"वीणा, त्यांच्यात कुणी गेलं ना, की घरातच पुरायचे. राहत्या खोलीच्या जमिनीखाली. लहान बाळंसुद्धा. वर बाकीच्यांचा स्वयंपाक, झोप, सगळं चालूच."

पुरण्याचं मला काही वाटलं नाही. दात न आलेल्या मुलाला आपल्याकडेही पुरतातच. मी विचारलं, "आणि हा वाडगा?"

"हा चेहऱ्यावर पालथा घालायचे. त्याआधी मुद्दाम भोक पाडायचे. दिस इज नॉट डॅमेज, वीणा. घरच्याच कुणीतरी केलंय हे."

मी वाडग्याकडे पाहिलं. केवढासा तो, तान्ह्या बाळाच्या चेहऱ्यापुरता. माझ्या मनात काय आलं ते तिला कळलं आणि तिनं होकाराची मान हलवली.

"माणसांनी बुलडोझर लावून ती गावं उकरली गं, ही भांडी विकायला. हाडं दिली टाकून." मग वाडगा ओंजळीत घेऊन म्हणाली, "पण ह्या बाळाच्या आईनं चेहरा पाहिला असेल ना? झाकायचा म्हणजे आधी बघावाच लागतो. एवढं तरी मिळालं त्या बाईला. मला तेवढंही मिळालं नाही."

मी तिचा हात धरून बसले, दुसरं काय करणार!

वाडगा तिनं होता तसा परत केला. "इट्स ओन्ली अ होल, मिसेस टिपणीस," ते गृहस्थ वैतागून म्हणाले आणि दुसऱ्या कुणाकडून तरी ते बुजवून घ्यायला निघून गेले.

मी मात्र तिच्या मुलीची जागा शोधायचा चंग बांधला. तिच्यासारखे कितीतरी आईबाप तेव्हा आपल्या बाळांच्या जागा शोधायला लागले होते, टीव्हीवर मी पाहिलं होतं. मी हॉस्पिटलला फोन केले, कौन्सिलला केले, दफनभूम्यांना केले, दोन ठिकाणी भांडले. शेवटी एका दफनभूमीतल्या बाईंनी उलट फोन करून सांगितलं की बेबी टिपणीस इथं आहे, आणखी काही बाळांबरोबर, एकाच खड्ड्यात.

एप्रिलमध्ये मी दोघांना गाडीतून घेऊन गेले. तिचे यजमान अंशुमनराव, फिल्टनच्या विमान कारखान्यातून रिटायर झालेले इंजिनियर, मुळातच अबोल. तिथल्या माणसानं जागा दाखवली. दगड नव्हता, नाव नव्हतं, सगळं गवतच. मधुमती खाली बसली, गवतावर हात फिरवत राहिली आणि मान वर न करता तिनं विचारलं,

"अहो, तुम्ही पाहिलीत ना तिला? कशी होती?"

ते तिच्याशेजारी गुडघ्यांवर बसले.

"केस होते का डोक्यावर? नाक कुणासारखं होतं? सांगा ना."

"नर्स घेऊन आली होती," ते म्हणाले. "टॉवेलमध्ये गुंडाळून. बघायचंय का म्हणाली. मी नको म्हटलं."

"नको?"

"वाटलं, एकदा पाहिली तर विसरता यायची नाही."

मला त्यांना धरून गदागदा हलवावंसं वाटलं. पण ते गुडघ्यांवर बसून घळाघळा रडत होते. मधुमतीच्या डोळ्यांत टिपूस नव्हतं. तिनं पदरानं त्यांचं तोंड पुसलं. मग तिनं एवढंच विचारलं, "त्या नर्सनं तरी पाहिलं असेल तिला. काय नाव होतं तिचं?"

ते त्यांना आठवेना.