नॅडीनच्या वाटचं

खुर्चीवर बसण्याआधी मायरन फेडोर्चाक तिच्या पाठीवर तळहात दाबून पाहायचा.

चालताना तो कायम सोबतच्या माणसाच्या डावीकडे असायचा. तुम्ही बाजू बदललीत, तर दोन पावलांत तो पुन्हा डावीकडे.

शर्टाचं वरचं बटण लावायचा नाही. बोटं तेवढी वळायची नाहीत.

टीव्हीवर अमेरिकन फुटबॉलची मॅच लागली की चेंडूकडे बघायचा नाही. चेंडू फेकला गेला, झेलला गेला, घरातले सगळे उठून उभे राहिले, तरी याची नजर मागेच. जिथे पाच आडदांड माणसं समोरच्यांना रेटत उभी होती, तिथे.

जेवायचा उभ्याने, ओट्याला टेकून, पातेल्यातूनच.

सकाळी गाडीत बसला की समोरच्या खणातली बाटली काढायचा, तळहातावर चार गोळ्या ओतायचा आणि कालच्या गार कॉफीबरोबर गिळायचा. हे सगळं न बघता. गोळ्या मात्र चारच पडायच्या.

लिडिया विकर्स हे रोज बघायची. ती शेजारच्या सीटवर बसलेली असायची.

लिडिया साहित्याची पदवी घेऊन कोकर्टनला परत आली होती. नोकरी नव्हती. नदीकाठच्या या गावात कोळसा भाजायच्या भट्ट्या बंद पडल्यापासून तशी कोणालाच फारशी नव्हती. दर गुरुवारी सेंट निकोलस चर्चच्या तळघरात बायका पिरोही करायला जमत, शुक्रवारी त्या विकल्या जात. बटाट्याचं सारण, करंजीसारखी मुडपलेली कड, मग उकळत्या पाण्यात. लिडियाच्या आईने तिला तिथे धाडलं, घरात बसून भिंती बघण्यापेक्षा बरं म्हणून. त्या लांब टेबलाशी सत्तरीच्या बायका होत्या, आणि त्यांच्यात एक पुरुष. त्याची दोन बोटं मोडून वाकडी जुळलेली. त्याच बोटांनी तो कड अशी मुडपायचा की एकही पिरोही पाण्यात फुटत नसे. तो मायरन. तेव्हा तो तीनशे चाळीस पौंडांचा होता, म्हणजे दीडशे किलोंच्याही वर.

गावात त्याला सगळे ओळखत. नऊ वर्षं तो धंदेवाईक फुटबॉल खेळला होता. तो काय खेळला, हे मात्र कोणाला धड सांगता येत नसे. तो डावा गार्ड होता. चेंडू फेकणाऱ्याच्या पुढे जी पाच जणांची भिंत उभी राहते, तिच्यातला एक. या जागेवरच्या माणसाच्या नावावर काही जमा होत नाही. त्याने समोरच्याचा शर्ट पकडला आणि पंचाने पाहिलं, तरच भोंग्यावर त्याचं नाव येतं. त्याची आई रेडिओ लावून बसायची आणि शेवटपर्यंत मुलाचं नाव ऐकू आलं नाही, की म्हणायची, बरा खेळला आज. नऊ वर्षांत चेंडू त्याच्या वाट्याला एकदाच आला, कोणाच्या तरी हातून निसटलेला. मायरन त्यावर आडवा झाला. एवढंच.

हे सगळं सुरू झालं तेव्हा तो चौदा वर्षांचा होता. शाळेचा कोच घरी आला, दारातूनच त्याचे खांदे बघितले आणि आईला म्हणाला, याला खायला घाला. वजन वाढलं तर खेळाच्या जोरावर कॉलेज फुकटात होईल. त्याच वर्षी वडिलांची भट्टी बंद पडली होती. घरात खायला घालण्यासारखं फार नव्हतं. आई मग नॅडीनच्या ताटातलं मटण उचलून त्याच्या ताटात वाढू लागली. नॅडीन त्याची थोरली बहीण, सतरा वर्षांची. ती ताट पावाने पुसायची आणि उठायची. पुढे तिने शाळेची बस चालवायला घेतली आणि तीस वर्षं चालवली.

मायरन खात राहिला. भूक नसतानाही खायचा, कारण वजन उतरलं तर जागा जाते. रविवारी मॅचच्या आधी कपडे बदलायच्या खोलीत एक माणूस डबा घेऊन फिरायचा आणि सगळे तळहात पुढे करायचे, चर्चच्या प्रार्थनेत भाकरीच्या तुकड्यासाठी करतात तसे. गोळ्या मिळायच्या. गुडघे तीन तास गप्प बसायचे. खेळ सुटला, गावी परतला, हिवाळ्यात रस्त्यावरचं बर्फ लोटायच्या गाडीवर लागला. गोळ्या तेवढ्या राहिल्या.

मग रक्तदाबाने नॅडीनची मूत्रपिंडं गेली. आठवड्यातून तीनदा ती बाजारपेठेतल्या डायलिसिस केंद्रात जायची, हाताला यंत्राच्या नळ्या लावून चार तास पडून राहायची. बस चालवणं सुटलं. भावाचा रक्तगट जुळत होता. आपलं एक मूत्रपिंड तिला द्यायचं म्हणून त्याने पिट्सबर्गच्या इस्पितळात फोन केला तेव्हा तो आणि लिडिया तळघरातच होते, आणि कणकेच्या हातांनी फोन धरता येईना म्हणून लिडियाने तो त्याच्या कानाशी धरला होता. पलीकडून वजन विचारलं. त्याने सांगितलं. अडीचशेच्या आत या, म्हणाले, मग बाकीच्या तपासण्या. शेवटी विचारलं, नेहमीचं काही औषध घेता का?

"नाही," मायरन म्हणाला.

तो खोटं बोलला नव्हता. त्या गोळ्या त्याच्या लेखी औषध नव्हत्या. मोजे घालावेत तशा तो त्या घ्यायचा. पुढे त्या रोज बघताना लिडियालाही काही वाटलं नाही.

फोन खाली ठेवल्यावर त्याने तिला विचारलं, "तू सकाळी काय करतेस?"

"काही नाही."

"मग माझ्याबरोबर चाल. एकटा चाललो की लोक गाडी थांबवून विचारतात, बिघडली का तुझी, सोडू का."

ते शाळेच्या मैदानाभोवती चालू लागले. मायरन तिच्या डावीकडे. पहिल्या फेरीत त्याचा गुडघा कडकड वाजायचा, दुसऱ्या फेरीत गोळ्या लागू पडायच्या आणि आवाज थांबायचा. तो तिला विचारायचा, कॉलेजात काय वाचलंस. ती कादंबऱ्या सांगायची. तो सगळं ऐकून घ्यायचा आणि शेवटी एखादाच प्रश्न विचारायचा. त्या घरात स्वयंपाक कोण करत होतं? ते दोघं पळून गेले, तेव्हा घोड्यांना चारा कोणी घातला?

वजन उतरू लागलं. तळघरात तो शेकडो पिरोही मुडपायचा आणि एकही तोंडात टाकायचा नाही. टेबलाच्या टोकाला बसणाऱ्या मिसेस वार्गो हे बघून हवालदिल झाल्या. त्यांनी पाद्रीबाबांकडे चौकशी केली, याने कसला नवस बोललाय का. मग टोमणे सुरू झाले.

"पूर्वी तू दारात उभा राहिलास की इथे दिवा लावायला लागायचा," त्या म्हणाल्या. "आता वारा येतो. दार लाव."

नॅडीनला हे सगळं पसंत नव्हतं. तिला कोणाकडून काही घ्यायची सवय नव्हती. तो तिच्या ओट्याशी उभा राहून उकडलेला कोबी खायचा आणि ती टेबलाशी बसून त्याला बोलायची. एकदा म्हणाली, "जन्मभर माझ्या वाटचं खाल्लंस, ते आता परत करतोयस होय रे?"

"हो," तो म्हणाला.

ती हसायला लागली होती, ती थांबली. मग उठून तिने नळ सोडला आणि धुतलेलीच भांडी पुन्हा धुतली. त्यानंतर तिने त्याला कधी अडवलं नाही. केंद्रात शेजारच्या खाटेवरच्या बाईला मात्र सांगायची, माझा भाऊ वजन उतरवतोय. लिडियाने हे ऐकलं होतं.

दीड वर्षाने काटा अडीचशेच्या खाली आला. पिट्सबर्गला लिडियाच गाडी घेऊन गेली, कारण तपासणीच्या आधी त्याला उपाशी राहायचं होतं. दिवसभर रक्त, लघवी, पोटाच्या आतली चित्रं. संध्याकाळी डॉक्टरीण आली. लिडियापेक्षा फार मोठी नसेल. तिने कागद बघितले, मग त्याच्या गुडघ्यांकडे बघितलं.

"दुखण्यावरच्या गोळ्या किती वर्षं घेताय?"

"कसल्या?"

तिने नाव घेतलं.

"त्या होय," मायरन म्हणाला. "ते औषध नाही."

डॉक्टरीण खुर्ची ओढून समोर बसली. मग तिने सांगितलं. तिचा आवाज चांगला होता. त्याची दोन्ही मूत्रपिंडं अर्ध्यावर आली होती. हे वर्षानुवर्षांचं होतं. ती त्याची त्यालाच कशीबशी पुरतील. गोळ्या आजपासून बंद. मायरनने मान डोलवली, आभार मानले आणि उठताना खुर्ची पुन्हा नीट सरकवून ठेवली.

परतताना त्याने हमरस्त्यावरच्या खानावळीपाशी गाडी थांबवायला सांगितली. "आता खायला हरकत नाही," म्हणाला. मटणाचा तुकडा, बटाटे, नूडल्स मागवले. ताट आलं. तो ताटाकडे बघत बसला. वाढणारी दोनदा येऊन विचारून गेली. शेवटी ते डब्यात भरून घेतलं आणि डबा गाडीत मागच्या सीटवर राहिला. लिडियाला तो दोन दिवसांनी सापडला.

नॅडीनला त्याने दारातच सांगितलं. ती जेवायला बसली होती.

"बरं झालं," ती म्हणाली. "तुझं धूड माझ्यात मावलं नसतं." मग त्याच्याकडे बघून म्हणाली, "सकाळपासून काही खाल्लंस का?"

त्याने मान हलवली. तिने आपल्या ताटातला मटणाचा तुकडा काट्याने उचलला, बशीत घातला आणि बशी समोरच्या जागेवर ठेवली. मायरनने खुर्चीच्या पाठीवर तळहात दाबून पाहिला. मग तो बसला आणि त्याने तो तुकडा खाल्ला. लिडिया दारातच उभी होती.

त्यानंतर ठरलं की नॅडीनने घरीच उपचार घ्यायचे. रात्री झोपेत पोटात पाणी भरणारं आणि काढणारं छोटं यंत्र असतं. पण त्या पाण्याची खोकी येतात, ढिगाने. मायरन म्हणाला, जेवणाच्या खोलीत फळ्या ठोकतो, भिंतभर. तुला वाकायला नको. त्याने लाकूड आणलं. गोळ्या बंद झाल्यापासून त्याला नीट उभं राहता येत नव्हतं. तो स्टुलावर बसून भोकं पाडायचा, दोन भोकं झाली की थांबायचा. सकाळचं चालणं अर्ध्या फेरीवर आलं. गुडघा आता शेवटपर्यंत वाजायचा.

ऑक्टोबरातल्या एका बुधवारी लिडिया आपल्या दाराशी त्याच्या गाडीची वाट बघत थांबली होती. तो आला नाही. त्याच्या दारासमोर त्याची गाडी चालू होती, तो आत बसलेला होता, पट्टा लावून. हृदय, असं सांगितलं. तो सत्तेचाळीस वर्षांचा होता.

शवपेटीत त्याला खेळायच्या काळातला कोट घातला होता. तो आता इतका सैल होता की पाठीमागून टाचण्या लावाव्या लागल्या. शर्टाचं वरचं बटण लावलेलं होतं. लिडिया सगळा वेळ त्या बटणाकडे बघत होती. गावातली माणसं येत होती, मोठा माणूस होता म्हणत होती आणि कॉफीकडे वळत होती. एक धिप्पाड, केस पिकलेला माणूस दुसऱ्या राज्यातून गाडी चालवत आला होता. तो संघात मायरनच्या उजव्या हाताला उभा राहायचा.

"चार वर्षं," तो नॅडीनला म्हणाला. "एकदाही मला डावीकडे बघावं लागलं नाही."

नॅडीनने त्याला पिरोही वाढली.

दुसऱ्या दिवशी खोक्यांची गाडी आली. लिडियाने ती आत घेतली. जेवणाच्या खोलीत दोन फळ्या लागलेल्या होत्या, खालची आणि मधली. त्या भरल्या. वरच्या तिसऱ्या फळीसाठी भिंतीवर पेन्सिलच्या खुणा होत्या, सहा. त्यातल्या दोन ठिकाणी भोकं पाडलेली. स्क्रू कॉफीच्या कपात होते. फळी भिंतीला टेकवून ठेवली होती, घासलेली, एका बाजूने रंग दिलेली. उरलेली खोकी लिडियाने त्याच्या स्टुलाशेजारी जमिनीवर रचली.

नॅडीन आली, वाकली, त्यातलं एक उचललं आणि आत घेऊन गेली.