आधी दाखव

सुकटीच्या टोपलीत तिने कोपरापर्यंत हात घातला आणि तळाची मूठ वर काढली. "वरची नको. खाली काय हाय ते आधी दाखव," ती विकणारणीला म्हणाली. खालापूरच्या बाजारातली ती विकणारीण हिला चांगली ओळखून होती. तिने टोपली उपडीच केली आणि म्हणाली, घे बाई, आता टोपलीचं बूडपण बघ. हिने तेही बघितलं. मग मला म्हणाली, "पिशवी धरा." मी पिशवी धरली.

आम्ही दोघांनी मिळून केलेलं शेवटचं काम ते. घरी आलो, जेवलो, निजलो आणि उजाडायच्या आत ती गेली. डॉक्टर म्हणाला, हृदय बंद पडलं. मी ऐकून घेतलं. ती असती तर नुसतं ऐकून घेतलं नसतं.

बायकोवर लिहायची आमच्याकडे रीत नाही. पण मी नवरा म्हणून लिहीत नाही. एकाच कारखान्यात ती झाडूवाली आणि मी गेटवर वॉचमन, त्यामुळे घरापेक्षा कामावरच मी तिला जास्त पाहिली. मी चौथीपर्यंत शिकलो, चुका असतील तर असू द्या. तिचं नावही लिहीत नाही. तिने विचारलं असतं, नाव कुणाला पायजे नि कशाला? तुमच्यातल्या कुणी त्या पुठ्ठ्याच्या कारखान्यात काम केलं असेल तर त्याला ती आठवेलच. उंच, हाडाची, कपाळावर मोठी काळी टिकली. बाकीच्या बायका लाल लावायच्या. लाल टिकलीचा रंग घामाने नाकावर उतरतो, म्हणजे विकणाऱ्याने त्यात लबाडी केली, असं तिचं म्हणणं. काळी उतरली तरी कळत नाही.

तिचा संशय लग्नाच्याही आधीचा. लोधिवलीला मी तिला बघायला गेलो होतो. चहा झाला. माझ्या मामाने मुलीला म्हटलं, बाळ, जरा चालून दाखव. ती चालली. मग दाराआडून तिच्या आईमार्फत निरोप आला की मुलगापण चालून दाखवील का? सगळे हसले. मामाला राग आला. मी उठलो आणि ओटीवर दोन फेऱ्या मारल्या. त्यावर तिने होकार दिला. पुढे मी विचारलं, गं, काय बघितलंस माझ्या चालण्यात? म्हणाली, "पाय धड हायत का ते. बसलेला मानूस सगळाच चांगला दिसतो."

दवाखान्यात इंजेक्शन घ्यायची वेळ आली की बाटली आधी हातात घेऊन उजेडाला धरायची. वाचता येत नव्हतं, तरी धरायची. एसटीत कंडक्टरने तिकीट दिलं की त्याच्या भोकातून एक डोळा मिटून बघायची. जावई बघायला गेलो तेव्हा तिने त्याचे तळहात उलटे करून पाहिले. तो पोरगा आजही तिच्यासमोर हात मागे बांधून उभा राहिल्यासारखाच बोलतो. चुकलो, बोलायचा.

कारखान्यात ती आधी अंगण झाडायची. रोजंदारीवर. मग वरच्या मजल्यावर काँप्युटर आला. नव्वद साल अजून उजाडायचं होतं. खालापूर तालुक्यात तेव्हा ही वस्तू कितीजणांनी पाहिली असेल? त्याच्यासाठी वेगळी खोली, एसी, दाराबाहेर चपला काढायच्या, आत पान-तंबाखू बंद. आम्हा वॉचमन लोकांना त्या खोलीत जायची परवानगी नव्हती. हिला होती, कारण धूळ पुसायला कोणीतरी पाहिजेच. साहेबाने सांगितलं, ही खोली नीट ठेवलीस तर वर्षअखेर कायम करू. ती घरी येऊन म्हणाली, "कायम म्हनतो. कागद दाखव म्हटलं तर हसला." पण मनातून खूश होती. कायम म्हणजे आजारपणाची रजा, सणाला सुट्टी आणि मुख्य म्हणजे उद्या येऊ नको असं कोणी तोंडावर म्हणू शकत नाही.

काँप्युटर चालवायला नेरळहून एक माणूस यायचा. त्याला सगळे ऑपरेटर म्हणत. चष्मेवाला, गरीब स्वभावाचा, साहेब खोकला तरी उभा राहायचा. हिला तो मावशी म्हणे. हिचा त्याच्यावरही विश्वास नव्हता. दिवसभर थंड खोलीत बसून याचं अंग कसं दुखतं, हा तिचा प्रश्न होता.

आणि एक दिवस बोभाटा झाला. साहेबाचं महत्त्वाचं काम काँप्युटरमधून पुसलं जातंय. आज केलेलं उद्या नाही. ऑपरेटरने यंत्र बंद करून चालू केलं, त्याची पुढची फट फुंकली, स्पिरिटने पुसली. तेच. यंत्र इंग्रजीत सांगत होतं की इथे लिहायची परवानगी नाही. साहेब म्हणाला, काल होती, आज कशी नाही? मग कोणीतरी डोकं चालवलं की लोहचुंबक जवळ नेला तर काँप्युटरमधलं पुसलं जातं. त्या खोलीत सकाळी एकटं कोण असतं? झाडूवाली.

संध्याकाळी साहेबाने मला बोलावलं. हातात एक खिळा दिला. म्हणाला, तुमच्या बाईची झडती घ्या, जे काही धातूचं असेल त्याला हा खिळा लावून बघा, चिकटतो का. मी म्हटलं, साहेब, ती माझी बायको आहे. साहेब म्हणाला, म्हणूनच तुम्हाला सांगतोय, दुसऱ्याला सांगितलं तर बरं दिसेल का? मी खिळा खिशात घातला.

सुटीचा भोंगा झाला. बायांच्या ओळीत ती आली. मी हळू आवाजात काय ते सांगितलं आणि म्हटलं, तू जा, मी बघितलं म्हणून सांगतो.

ती हलली नाही. पिशवी टेबलावर ओतली. डबा, लिंबू, किल्ल्या, सेफ्टी पिना, तपकिरीची डबी. "लावा खिळा," म्हणाली. मागे ओळ थांबली होती. मी लावत गेलो. डब्याला लावला, किल्ल्यांना लावला. खिळा कुठेच चिकटला नाही. मी तो खाली ठेवला, तर ती गळ्यातलं मंगळसूत्र पुढे करून म्हणाली, "याला लावा." मी म्हटलं, अगं, पुरे. "लावा म्हनते ना. नवरा हाय म्हनून सोडली, असं उद्या बोलतील."

मी लावला. तिच्या गळ्याशी कारखान्याचा खिळा धरून मी उभा, आणि मागच्या बायांपैकी एकही हसली नाही. पडला खिळा खाली. ती पिशवी भरून निघून गेली. घरी गेल्यावर मला वाटलं, आता महिनाभर बोलायची नाही. ती भाकरी थापत म्हणाली, पिना मोजल्या नाहीत तुमी. एवढंच.

झडतीत काही निघालं नाही, तरी काम पुसलं जायचं थांबेना. मग साहेबाने सरळ सांगितलं, तिला म्हणावं उद्यापासून येऊ नको. कायम व्हायला थोडे दिवस राहिले होते. ती ऐकून घेऊन गेटबाहेर गेली नाही, जिना चढून वर गेली. आणि थंड खोलीच्या उंबऱ्यात बसली. अर्धी आत, अर्धी बाहेर. दार लागेना, गारवा बाहेर जायला लागला, हिशेबाची माणसं जमली. साहेबाने मला वर बोलावलं. म्हणाला, हिला उठवा.

मी चपला काढल्या. त्या खोलीत माझा तो पहिला पाय. मी म्हटलं, ऊठ गं. ती माझ्याकडे बघेना, साहेबाकडे बघत होती.

"काय पुसलं मी? आधी दाखवा. मग जाते."

साहेब म्हणाला, तुला काय कळणार त्यातलं. ती म्हणाली, मला नाय कळलं तरी ह्यांना कळंल की, एवढे शिकलेले उभे हायत. हिशेबवाल्यांनी एकमेकांकडे पाहिलं. खरंच, ते महत्त्वाचं काम काय होतं, हे त्यांनाही कोणी सांगितलं नव्हतं. साहेब म्हणाला, ते गुप्त आहे. "मग मला काडलं तेपन गुप्त ठेवा," ही म्हणाली, "मी उद्या येते."

तेव्हा ऑपरेटरला काय झालं कोण जाणे. साहेबाकडे पाठ करून तो टेबलाशी गेला, काळी फ्लॉपी काढली आणि यंत्राच्या फटीत घातली. फ्लॉपी म्हणजे पापडाएवढी चौकोनी, वाकवली तर वाकणारी. पडदा उजळला. आणि त्यावर एक साप आला.

हिरव्या ठिपक्यांचा साप. इकडेतिकडे फळं पडलेली. ऑपरेटर बटणं दाबी तसा साप वळे, फळ खाई आणि लांब होई. मग भिंतीला आपटून मेला. खाली इंग्रजीत ओळ आली. ऑपरेटर खाली मान घालून म्हणाला, हेच ते. किती फळं खाल्ली त्याचा आकडा लिहायला जातो, आणि यंत्र म्हणतं, लिहायची परवानगी नाय.

जेवणाच्या सुटीत साहेब दार लावून काय करायचा ते त्या दिवशी सगळ्यांना कळलं. त्याचा सगळ्यात मोठा आकडा रोज जात होता. कोणी हसलं नाही, पण हिशेबवाल्यांपैकी एकजण चष्मा पुसायला लागला तो पुसतच राहिला.

ही मात्र सापात गुंतली नव्हती. "ते काळं काढ. दाखव मला," म्हणाली. ऑपरेटरने फ्लॉपी हातात दिली. तिने ती कडेने फिरवली आणि शांतपणे म्हणाली, "ही टिकली माजी हाय."

झालं होतं असं. फ्लॉपीच्या कडेला एक छोटी चौकोनी खाच असते. कारखान्याच्या झालेल्या हिशेबाच्या सगळ्या फ्लॉप्यांची खाच चंदेरी पट्टी चिकटवून बंद केलेली. फक्त ह्या एकीची उघडी. हिने धूळ पुसताना ती पाहिली आणि ओळखलं की कोणीतरी ह्या फ्लॉपीचा तुकडा तोडलाय, बाकीच्या चिकटवून घेतल्यात, ही मुद्दाम तशी ठेवलीय, म्हणजे आळ झाडूवालीवर. म्हणून कपाळाची टिकली काढून तिने खाच बुजवली. काळ्यावर काळी. ऑपरेटर रोज फ्लॉपी घालत-काढत होता, त्याला दिसली नाही. "माज्यावर यायला नको म्हनून लावली," ती म्हणाली. "यायचं ते आलंच."

ऑपरेटर मग समजावून सांगायला लागला. खाच उघडी तर फ्लॉपीवर लिहिता येतं, बंद केली तर नुसतं वाचता येतं, नवं काही लिहिता येत नाही. चंदेरी पट्टी त्याचसाठी. खाच म्हणजे परवानगी. त्याने नखाने टिकली सोलली, फ्लॉपी परत घातली. साप फिरला, मेला, आणि आकडा जाऊन बसला. लहानसाच आकडा. ऑपरेटर घाईत खेळला होता.

साहेब म्हणाला, चला, आपापलं काम करा. ही उठली, पदर खोचला आणि राहिलेली खोली पुसून घेतली. ऑपरेटरने पाय वर घेतले.

तिला पुन्हा कोणी येऊ नको म्हटलं नाही. काढायचं तर कागदावर कारण लिहावं लागलं असतं, आणि साहेबाला ते लिहायची सोय राहिली नव्हती. ती कायम झाली. कागद मिळाला तेव्हा तिने तो उजेडाला धरला, मग मला वाचायला लावला, मग ऑपरेटरला, मग आमच्या आळीतल्या मास्तरांना. तिघांनी तेच वाचलं म्हणून ठेवून दिला.

ऑपरेटरची आणि तिची पुढे गट्टी जमली, म्हणजे हिच्या परीने. चंदेरी पट्ट्या संपल्या की तो म्हणे, मावशी, एक टिकली द्या. ही म्हणे, कुठल्या तबकडीला लावतोस ती आधी दाखव. दाखवल्याशिवाय देत नसे. पण त्या यंत्राच्या पेटीत साहेबाने साप ठेवलाय आणि त्याला रात्रीचं कोणीतरी खायला घालतं, हे तिच्या डोक्यातून शेवटपर्यंत गेलं नाही. मी समजावलं की गं, तो नुसता उजेडाचा आहे. म्हणाली, "तुमी हात लावून बगितलात?" नव्हता बघितला.

माझ्यावर तरी तिचा विश्वास होता का? हे मला बरेचजण हसत विचारत. पगाराच्या दिवशी माझे खिसे ती बघायची. मी खोकलो तर तोंड उघडायला लावून घसा बघायची. ताप आहे म्हटलं तर माझ्या कपाळाला हात लावून नाही, स्वतःच्या गालावर माझा हात ठेवून बघायची. आता लिहिताना वाटतं, जिथे तिचं काही अडत नव्हतं तिथे तिने कधी दाखव म्हटलं नाही.

तिला पोचवून आलो. घरात माणसं होती, जावई हात मागे बांधून ओटीवर उभा होता. दुसऱ्या दिवशी सकाळी मी कोणाला न सांगता कारखान्यात गेलो. सुतकात जाऊ नये म्हणतात. गेलो. वर जायच्या जिन्याखाली झाडूवाल्यांची खुंटी असते, तिथे तिचं कामाचं पातळ होतं. फणी होती, कान तुटलेला कप होता. ऑपरेटर खाली आला, पिशवीचं तोंड धरून उभा राहिला. मी सामान भरलं.

गेटवर माझ्या जागी बदली गडी होता. मला बघून खुर्चीतून उठला आणि बाजूला झाला. "जावा, काका. तुमची कसली झडती?"

मी पिशवी टेबलावर ठेवली. पातळाची घडी मोडून झटकली. फणी काढून ठेवली. कप उपडा केला. तो दुसरीकडे बघत होता. मी म्हटलं, इकडे बघ. कामावरून काही नेलं असं तिच्यामागे कोणी बोलायला नको. त्याने बघितलं, एकेक वस्तू. मग मी पातळ पुन्हा घडी करायला गेलो, जमलं नाही, तसंच पिशवीत घातलं आणि बाहेर पडलो.