उपाशी माय

सिनेमातली आई खोकली, की मी खुर्चीत सावरून बसतो. आता ही मरणार आणि मुलगा मोठा होऊन तिच्या फोटोसमोर रडणार. मला या आयांचा पहिल्यापासून संशय आहे. तरी दिवाळी अंकासाठी कथा लिहायची वेळ आली तेव्हा मीही तसलीच आई लिहिली. पोराला घास भरवून स्वतः उपाशी निजणारी. शेवटी मारलीसुद्धा. संपादकांना फार आवडली.

माझी माय गावी, रोहण्याला राहते. तिला मी अंक दाखवला नाही. पावसाळ्यात, वर्षावासात, बुद्धविहारात ग्रंथ वाचतात, तेवढंच तिचं वाचन, अशी माझी समजूत होती.

अंक निघाल्यावर पुढच्या रविवारी गावी गेलो, तर गल्लीतल्या बायांच्या नजरा निराळ्याच. एरवी चहाला थांबवणारी शेजारची काकू दारातूनच म्हणाली, "मायले पोटभर देतं का नाई रे?" दुसरी एकजण आमच्या घरात झाकलेलं ताट ठेवून बाहेर पडत होती. मला पाहून तिने मान फिरवली. मायने माझ्या कागाळ्या केल्या असणार, दुसरं काय. डोकंच फिरलं माझं.

"माय, काय सांगत फिरते तू लोकायले?"

तिने आलमारीतून अंक काढून पुढ्यात टाकला.

"मी काई नाई सांगितलं. तूच सांगितलं. मास्तरीणबाईनं आणला. पोराची गोष्ट हाय म्हणून विहारात साऱ्या बायायसमोर मीच वाचाले बसली. साऱ्या रडून राह्यल्या होत्या. तवापासून रोज कोणी ना कोणी ताट आणून देते."

खरी माय कापूस वेचायला जायची. सकाळी घरात सगळ्यांच्या आधी तीच जेवायची, दोन भाकरी आणि ठेचा. आम्ही पोरं नंतर. इतरांच्या आया अशा नाहीत, असं वाटून ते मला फार खुपायचं. कथेत मी तेवढंच पुसून टाकलं होतं.

"पोटात होतं म्हणून दिवसभर वाकून वेचलं मी," ती म्हणाली. "त्याच्यावरच शिकला तू. अन् तेच लिहाची लाज वाटली तुले."

तिने शेजारणीचं ताट बाजूला सारलं, चुलीवरचं स्वतःला वाढून घेतलं आणि माझ्यासमोर जेवायला बसली. पहिला घास सावकाश चावून संपवला.

"मारलं ते जाऊ दे," ती म्हणाली. "पण उपाशी काऊन मारलं रे मले?"