क, ख, ग की एकशेतेरा

रावजी आमच्या महाडच्या छापखान्यात जुळारी होता. शिशाचे खिळे एकेक उचलून ओळी लावायच्या, हे त्याचं काम. घर पोलादपूरच्या वर, आंबेनळीच्या वाटेवरच्या वाडीत. आई ठमाबाई तिथेच राहायची. मी यंत्रावर होतो, म्हणून पुढचं सगळं मला पाहावं लागलं. अजून आठवलं की तोंड कडू होतं.

अठ्ठावन्न साली तात्यासाहेब वकिलांनी आपल्या घराण्याचा इतिहास छापायला दिला. रावजीची वाडी त्याच घराण्यातली, पण मूळपुरुषाच्या दुसऱ्या बायकोची शाखा. वकिलांच्या मते हलकी. मात्र वाडीच्या मुंबईतल्या गिरणी कामगारांनी पुस्तकाला वर्गणी दिली होती, त्यामुळे त्यांना सरळ वगळता येईना. वर्गणी गोड आणि माणसं कडू, असला प्रकार.

मग वकिलांनी युक्ती काढली. प्रस्तावनेच्या पानांना आकडे न घालता एक, दोन, तीन असं अक्षरी छापायची रीत असतेच. त्याच धर्तीवर ते छापखान्याच्या मालकांना म्हणाले, "वाडीच्या आठ पानांना क, ख, ग घाला. आकडे त्यांना सोडून पुढे चालू द्या." म्हणजे वाडीच्या प्रतींत ती पानं राहणार, आणि वकिलांच्या नव्या व्याह्यांच्या प्रतींतून काढली तरी आकडे सलग दिसणार. मालकांनी मान डोलावली. मुलीच्या सोयरिकीसाठी रक्ताची माणसं अशी सुटी करून ठेवायची! मला शिसारी आली.

रावजीने ऐकून घेतलं, पण पानांवर एकशेतेरा ते एकशेवीस असे आकडेच घातले. त्या पानांत त्याच्या वारलेल्या बापाचं नाव होतं. वकिलांनी मुद्रितं तपासली ती फक्त स्वतःच्या फोटोची नि प्रस्तावनेची, त्यामुळे छापून होईपर्यंत त्यांना पत्ता लागला नाही. लागल्यावर तरी लाज वाटावी? छे. बाइंडरला सांगून व्याह्यांच्या प्रतींतून ती आठ पानं काढायला लावलीच.

प्रकाशनाला वाडीची माणसं एसटीने महाडला आली. त्यांना त्यांच्या प्रती मिळाल्या, व्याह्यांना त्यांच्या. व्याही चाळता चाळता थांबले आणि विचारू लागले, एकशेबारानंतर एकदम एकशेएकवीस कसं? वकील हसून म्हणाले, जुळारी डोंगरातला आहे, त्याला आकडे कुठले यायला.

रावजी मागेच उभा होता.

"आकडे बरोबर हायत, वकीलसाहेब," तो म्हणाला. "मानसं गाळलीत तुम्ही."

पेढे फिरत होते, ते तेवढे सगळ्यांनी घेतले. ठमाबाईला वाचता येत नव्हतं. प्रत हातात पडताच रावजीने तिला नवऱ्याचं नाव दाखवलं होतं, आणि त्या पानात बोट घालून ती मघापासून बसली होती. तिने व्याह्यांच्या हातातल्या पुस्तकाकडे पाहिलं, मग आपल्या हातातल्याकडे.

"रावजी," ती म्हणाली, "तुजा बापूस आपल्याच बुकात हाय काय रे?"