घटात बसलेली माई

कोराडीच्या कॉलनीत राहत असताना मी एकदा मदर मेरीला घरात अडकवून ठेवलं होतं. एका संध्याकाळपुरती मागून आणलेली मूर्ती मी परतच करेना. हे सांगितलं की नातवंडं पोट धरून हसतात. हसू देत. तेव्हाची मी हसण्यासारखीच होते. मॅट्रिक पास, विशी नुकतीच ओलांडलेली, आणि देवाला पेचात पकडायला आपल्याइतकी हुशार बाई साऱ्या कॉलनीत नाही, असं मनापासून मानणारी. फक्त तेव्हा मला हसू येत नव्हतं. माझी पोट्टी उभी राहत नव्हती.

बिजलीघर नवं होतं. नवरा बॉयलरवर पाळीनं जायचा आणि बॉयलरची राख आमच्या घरी यायची. वाळत घातलेल्या कपड्यांवर, माठाच्या झाकणावर, दारातल्या ओट्यावर. दोन खोल्या आणि स्वयंपाकघर एवढं क्वार्टर, त्यात सासू, आम्ही दोघं आणि दीड वर्षाची लेक. ती नुकती धावायला लागली होती. ओट्यावरच्या राखेत तिची पावलं उमटायची, तीच घेऊन ती घरभर फिरायची, आणि मी रोज तिच्यावर खेकसायचे. पावसाळा सरता सरता तिला ताप आला. ताप उतरला तेव्हा डावा पाय गेलेला होता. उचलून धरला की ओल्या फडक्यासारखा लोंबायचा. त्यानंतर ओट्यावर राख साचून राहायची आणि तिच्यावर एक पाऊल दिसायचं नाही. मी ती झाडतच नव्हते.

सासू म्हणाली नजर लागली. नवऱ्यानं कुठलंसं तेल आणलं. खरं नाव पहिल्यांदा घेतलं ते सिस्टरनं.

ही सिस्टर नागपूरहून बसनं यायची. आजूबाजूच्या वस्त्यांत आजारी माणसं बघायची, बायांना शिवण शिकवायची, आणि कॉलनीत जी चार ख्रिस्ती घरं होती त्यांच्याकडे प्रार्थना घ्यायची. मूळची केरळची, नर्स झालेली. पण मराठी शिकली ती कुहीकडच्या धानाच्या गावांत, मिशनचा दवाखाना चालवता चालवता. त्यामुळे दिसायला परमुलखातली आणि बोलायला रोवणीवरची बाई. तिनं पोरीचा पाय हातात घेतला, गुडघा हळू दाबून पाहिला आणि माझ्याकडे वळली.

"पोलिओ आहे वं बाई हा. पायात थोडी ताकद येईल, थोडी नाही येणार. पण तू इले रात्रंदिवस कडेवर काहून घेऊन राहिली? गुडघा वाकलेला राहून राहून आखडते. पार आखडला तं मग कॅलिपरही बसणार नाही, लोखंडी पट्ट्यांचा बूट असते तो. शहरातल्या मोठ्या दवाखान्यात घेऊन जाय. उद्याच जाय."

"पण उभी राहील ना?"

"मले नाही माहीत."

मला रागच आला. पांढरी साडी नेसून, गळ्यात क्रूस घालून हिला माहीत नाही? मग कोणाला माहीत असणार? आणि लोखंडाचा बूट माझ्या लेकीला? लोकांच्या लेकींना लोखंड लागतं, माझ्या लेकीला चमत्कार होईल, असा माझा हिशेब होता. दवाखान्यात गेलं म्हणजे लोखंड कबूल केलं. म्हणून मी गेले नाही.

चमत्काराची सोय शेजारीच झाली. शेजारीण ख्रिस्ती होती, तिचा नवरा वेल्डर. ऑक्टोबर महिन्यात त्यांच्यात मेरीची मूर्ती घरोघर फिरते. आज एका घरी, तिथे संध्याकाळी सगळे मिळून जपमाळेची प्रार्थना, उद्या पुढच्या घरी. शेजारणीकडे ती आली तेव्हा मी भिंतीपलीकडून आवाज ऐकला आणि सकाळी दारात जाऊन उभी राहिले.

"आज संध्याकाळपुरती माई आमच्या घरी द्या न."

ती गोंधळली. पुढची पाळी कोपऱ्यावरच्या म्हातारीची होती. पण माझ्या कडेवरच्या पोरीकडे पाहून तिला नाही म्हणवेना. नुकत्याच बसनं आलेल्या सिस्टरनंही मान डोलावली, "एक घर वाढलं तं माईचे पाय काही दुखत नाहीत."

माई आली. हातभर उंच, निळी ओढणी, नाकाच्या शेंड्याचा रंग उडालेला. संध्याकाळी प्रार्थना झाली. सगळे गेल्यावर मी तिच्यापुढे बसून सांगितलं की पोरीचा पाय हलेपर्यंत तू इथून हलायचं नाहीस. विनंती नव्हती ती. हुकूम होता.

दुसऱ्या दिवशी घटस्थापना. सासू आंघोळीला गेली तेवढ्यात मी चौरंग मांडला, माती पसरून गहू पेरले, घट ठेवला, आणि देवीच्या टाकाशेजारी, मागच्या बाजूला, निळ्या ओढणीची माई बसवली. अखंड दिवा लावला. सासू केस पुसत बाहेर आली ती तशीच उभी राहिली.

"हे काय करून ठेवलं वं?"

"घट बसले, आत्याबाई. आता दसऱ्यापर्यंत देव हलवत नाहीत. तुम्हीच सांगता न."

तिचं तोंड उघडलं आणि मिटलं. तिचाच नियम, तिच्याच घरात, तिच्याच सुनेनं. आजही ते तोंड आठवलं की मला स्वतःचं फार कौतुक वाटतं.

संध्याकाळी कोपऱ्यावरची म्हातारी मूर्ती न्यायला आली. सोबत सिस्टर. म्हातारीनं माईसाठी घराला चुना मारला होता, त्याचे ठिपके अजून कोपरावर होते. मी दारात आडवी झाले आणि घटाचा नियम सांगितला.

म्हातारी भडकली. "माय माय माय! आमच्या माईले तू तुह्या देवांत गिनून राहिली?"

"मंग काय देव नाही का ती?" मी म्हटलं.

 म्हातारीनं सिस्टरकडे पाहिलं. सिस्टरनं चपला काढल्या, आत जाऊन घटासमोर उभी राहिली, देवी पाहिली, माई पाहिली, मग माझ्या कडेवरची पोरगी पाहिली. गुडघा तिनं पहिल्यांदा पाहिला त्यापेक्षा जास्त वाकलेला होता. माईचं राहिलं बाजूला, तिनं मलाच विचारलं.

"दवाखान्यात गेली होती?"

"दसरा झाला का जातो."

"दसऱ्यापर्यंत गुडघा थांबणार आहे का वं तुह्यासाठी?"

मी दिव्यात तेल घालायला लागले. 

माई हलेना म्हणून मग प्रार्थनाच आमच्या घरी यायला लागली. रोज संध्याकाळी चारही घरांतली माणसं आमच्या पुढच्या खोलीत गुडघे टेकायची. म्हातारी रोज येताना मला टोमणा मारायची, "आमचीच माय, अन् आम्हालेच हिच्या दाराले याव लागते," आणि रोज सगळ्यांत मोठ्या आवाजात तीच प्रार्थना सांगायची. सासू आधी स्वयंपाकघरात फणफणत बसली. मग चहा करायला लागली. मग कोण बिनसाखरेचा पितं ते तिला पाठ झालं. नवरा पाळीवरून आला की दारातल्या चपलांची रांग ओलांडून गुपचूप मागच्या खोलीत जायचा. तो माझ्याशी पायाबद्दल बोलायचाच नाही. रोज येऊन फक्त पोरीच्या त्या पायाच्या अंगठ्याला हात लावायचा, आणि हात काढून घ्यायचा.

मी रोज सकाळी घटाला माळ चढवायचे, माईच्या तोंडावरची राख पदरानं पुसायचे आणि पोरीचा पाय तिच्यासमोर धरायचे. हलव. आज हलव. गव्हाला कोंब आले, बोटभर वाढले. पाय तसाच. उपास केला, चप्पल सोडली, मीठ सोडलं. काय सोडायचं राहिलं ते सुचेना म्हणून एक दिवस बोलणं सोडलं. त्या दिवशी सासूला घरात फार बरं वाटलं असावं.  पोरगी कडेवरून खाली ठेवायची म्हटलं की माझे हात सुटत नसत. खाली ठेवली की दिसणार होतं.

सातवी की आठवी माळ असेल. प्रार्थना सुरू होती आणि सासूला चहाचं मोठं पातेलं एकटीला उतरवेना. तिनं हाक मारली. मी पोरीला गोधडीवर ठेवलं, आत गेले, आणि परत आले तेव्हा ती गोधडीवर नव्हती. कोपरांवर भार देऊन घटाकडे निघाली होती. माळेतलं झेंडूचं फूल हवं होतं तिला.

मी धावले. सिस्टर गुडघ्यांवर होती. तिथूनच तिनं माझं मनगट पकडलं.

"हात लावू नको."

"सोडा मले."

"पाह्य. बस इथं अन् पाह्य."

म्हातारी थांबली नाही. प्रणाम मरिया, प्रणाम मरिया, एकामागून एक. आणि माणसांच्या मधून माझी लेक चालली होती. उजवा पाय फरशीला रेटा द्यायचा. डावा मागून यायचा, उलटा पडलेला, वाकलेला, कुणाचं तरी सामान ओढून न्यावं तसा. चटईच्या काठात तो अडकला. तिनं वळून पायाकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. मी सगळा जोर लावला. पण त्या बाईचा हात म्हणजे सांडशी. पोरगी रडली नाही. हुं हुं करत तिनं हातानंच तो पाय सोडवला, ओढला, आणि चौरंगाशी पोचली. फूल तोडलं. तोंडात घातलं.

पाय हलला नव्हता. इतके दिवस जो हलेल म्हणून मी जगाला वेठीला धरलं होतं, तो हलला नव्हता, आणि त्याच्यावाचून ती जाऊन पोचली होती.

मग मी ओरडले. सिस्टरवर नाही. सरळ माईवर. सगळ्यांसमोर, प्रार्थनेच्या मधेच.

"तुह्य लेकरू चालत होतं न! चालत होतं न तुह्य!"

म्हातारीची माळ हातातच थांबली. शेजारणीनं तोंडावर पदर घेतला. मला वाटलं आता सिस्टर मला बाहेर काढेल. माझ्याच घरातून.

"ओरड," सिस्टर म्हणाली. "तिले सवय आहे."

मी किती वेळ ओरडले माहीत नाही. आवाज बसला तेव्हा सिस्टरनं मनगट सोडलं. तिथे तिच्या बोटांचे वळ उठले होते. ती माझ्याजवळ सरकली आणि भाजीवालीशी बोलावं तसं बोलली.

"माईले राहू दे घटात. दसऱ्यापर्यंत राहू दे, मी कोणाले काही म्हणू देत नाही. पण तू चाल. उद्या पहिल्या बसनं. मी नागपूरच्या स्टँडवर येतो."

"दिव्याचं कसं? अखंड आहे तो."

मला खरोखर हाच प्रश्न पडला. लेकीचा गुडघा आखडत होता आणि मला दिव्याचं पडलं होतं. स्वयंपाकघराच्या दारातून सासूचा आवाज आला.

"दिव्याले मी हाओ न! जाय तू. दोघीही सांभाळतो मी, तुह्यी अन् माह्यी."

दवाखान्याच्या व्हरांड्यात भिंतीला टेकून आयाच आया बसल्या होत्या, आणि प्रत्येकीच्या मांडीवर एक पाय. तोवर मला वाटायचं देवानं एवढ्या मोठ्या जिल्ह्यात नेमकं माझंच घर हेरलं. डॉक्टरनं गुडघा दाबला, पोरगी किंचाळली.

"इतके दिवस काय करत होता?"

पाळी बुडवून सोबत आलेल्या नवऱ्यानं माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, "घट बसले होते." डॉक्टरनं सिस्टरकडे पाहिलं. सिस्टर खिडकीबाहेर पाहायला लागली.

आधी प्लास्टर. गुडघा थोडा थोडा सरळ करत पुन्हा पुन्हा प्लास्टर, आणि दर वेळी तेच किंचाळणं. रात्री त्या ओझ्यानं तिला कूस बदलता यायची नाही. सांगून टाकते, पाय परत आला नाही. गुडघा तेवढा बऱ्यापैकी सरळ झाला, आणि मग एके दिवशी कॅलिपरचं माप घ्यायला बोलावलं.

माप घेणारा माणूस आमच्याच बोलीचा. तोंडात सुपारी, कानावर पेन्सिल. त्यानं पोरीला टेबलावर आडवं केलं, मांडीपासून टाचेपर्यंत टेप लावला आणि सहज म्हणाला, "दरसाल नवा कराव लागीन बरं, बाई. पोट्टी वाढीन न."

वाढीन. ताप आल्यापासून माझ्यासमोर ती दीड वर्षाचीच होती. उभी राहील की नाही, एवढंच मी विचारत आले होते, माणसांना आणि देवांना. ती वाढणार आहे, मोठी होणार आहे, हे मला कुणी सांगितलं नव्हतं आणि मला सुचलंही नव्हतं. मी तिथेच भिंतीला धरून हमसून रडायला लागले. तो बिचारा टेप टाकून मागे सरला.

"काहून? दुखलं का तिले?"

"नाही," मी नाक पुसत म्हटलं. "थोडा वाढत्या अंगाचा बनवा न गा, भाऊ."

"हा फ्रॉक नाही, बाई. हा मापातच लागते." त्यानं टेप पुन्हा उचलला. "पुढच्या साली घेऊन या."

"येतो," मी म्हटलं.